गुंज, दादर आणि ८८० कोटी परार्ध

एप्रिलमध्ये घराला रंग काढला. ज्यांच्या घरात हे झालंय त्यांना वेगळं सांगायला नको, आठ दिवस सगळं सामान हॉलच्या मधोमध आणि आपण गच्चीवर. त्या सामानात माळ्यावरून एक पत्र्याचा डबा निघाला, आप्पांचा. आप्पा म्हणजे माझे वडील, जळगावच्या सराफ बाजारात चाळीस वर्षं कारागीर होते, डोळ्यांचं ऑपरेशन झाल्यापासून कामाला बसत नाहीत. डब्यात हाताचा काटा, पितळी वजनं, एक वाकडा चिमटा आणि औषधाच्या जुन्या बाटलीत मूठभर गुंजा. लालभडक, टोकाला काळा ठिपका.

भाचा पुण्याहून सुट्टीला आलेला, यंदा आठवीत जाणार. त्याने बाटली उघडून विचारलं, "मामा, खायच्या असतात का?" म्हटलं अजिबात नाही, विषारी असतात. आप्पा म्हणाले, "अरे ते वजन आहे." मग त्यांनी त्याला समोर बसवून शिकवलं, आठ गुंजांचा मासा, बारा माशांचा तोळा, म्हणजे तोळ्याला शहाण्णव गुंजा. (आता दुकानात दहा ग्रॅमलाच तोळा म्हणतात, खरा तोळा ११.६६ ग्रॅमचा, आप्पांना याचा अजून राग येतो.) त्या हिशोबाने एक गुंज साधारण ०.१२ ग्रॅम. पोरगं लगेच, "आणि यापेक्षा छोटं वजन?"

"अर्धी गुंज. पाव गुंज. त्याच्या खालचं गिऱ्हाईकच विचारत नाही."

हे वाक्य डोक्यात अडकून बसलं. कारण विश्व केवढं, अणू केवढा, असलं मी आवडीने वाचतो आणि प्रत्येक वेळी तेच होतं, इतके अब्ज प्रकाशवर्षं असं आलं की मान हलवायची आणि पुढे सरकायचं. लाख-कोटीपर्यंत डोकं चालतं, कारण प्लॉटचे भाव तिथपर्यंत असतात. त्याच्या पुढे कोटी काय आणि अब्ज काय, सगळं "लय मोठं" या एकाच खात्यात जमा. पण आप्पांना कधी "शहाण्णव गुंजा द्या" म्हणताना ऐकलं नाही, ते तोळा म्हणायचे. आकडा हाताबाहेर जायला लागला की माप बदलायचं, एवढीच युक्ती. तर मग महिनाभर रात्री गच्चीवर पडल्या पडल्या (लाईट गेलेली, अंगाखाली ओली चादर, खान्देशातला मे) मोबाईलच्या कॅल्क्युलेटरवर जे काही केलं ते इथे लिहितोय.

पहिल्यांदा भास्कराचार्य. आमच्याकडच्या माणसाने मोजण्याबद्दल बोलायचं आणि त्यांचं नाव घ्यायचं नाही असं चालत नाही. चाळीसगावजवळ पाटणादेवीला गेला असाल तर तिथे मंदिरात एक शिलालेख आहे, १२०७ सालचा. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव, त्याने आजोबांचे ग्रंथ शिकवायला तिथे मठ काढला, त्याची ती नोंद. आम्ही शाळेच्या सहलीत गेलो होतो तेव्हा धबधबा आणि माकडं पाहून परत आलो, शिलालेखाचं कुणी बोललं नाही.

या भास्कराचार्यांच्या ११५० च्या लीलावतीत सुरुवातीलाच मापं दिलेली आहेत. दोन जवांची एक गुंज. म्हणजे आप्पांच्या बाटलीतलं माप साडेआठशे-पावणेनऊशे वर्षांपूर्वीच्या पुस्तकात आहे. लांबीला आठ जवांचं अंगुल (जव आडवे, पोटाला पोट लावून), चोवीस अंगुलांचा हात, चार हातांचा दंड, दोन हजार दंडांचा क्रोश आणि चार क्रोशांचं योजन. आणि संख्यांची नावं, एक, दश, शत, सहस्र, अयुत, लक्ष, प्रयुत, कोटी, अर्बुद, अब्ज, खर्व, निखर्व, महापद्म, शंकू, जलधी, अंत्य, मध्य, परार्ध. प्रत्येक नाव आधीच्याच्या दहापट. अंत्य म्हणजे शेवटचा ना, तर त्याच्या नंतर मध्य येतो, आणि मग परार्ध. का ते देव जाणे, पण मला हे फार आवडलं, शेवट आला म्हणून घोषणा करायची आणि मग अजून दोन पायऱ्या चढायच्या.

परार्ध म्हणजे १ वर १७ शून्यं. हा आकडा लक्षात ठेवा, माझं पुढचं सगळं दुकान त्याच्यावर आहे.

आता एक गुंजभर सोनं घेतलं तर त्यात अणू किती? शाळेतलं गणित आहे, सोन्याचा अणुभार १९७, म्हणजे १९७ ग्रॅममध्ये ६.०२ गुणिले १ वर २३ शून्यं एवढे अणू. भागाकार केला, उत्तर ३७ वर १९ शून्यं. तीन वेळा केला कारण मला वाटलं शून्यं चुकली. नाही चुकली. भास्कराचार्यांच्या भाषेत ३७०० परार्ध. एका गुंजेत. सेकंदाला एक असे मोजायला बसलं तर विश्वाचं आत्तापर्यंतचं सगळं वय, १३.८ अब्ज वर्षं, ते सुद्धा पुरत नाही, तसली साडेआठशे विश्वं लागतात. आप्पांना सांगितलं तर म्हणाले, "मोजायचं कशाला, वजन करायचं." बरोबरच आहे, रसायनशास्त्रवाले तेच करतात.

एक अणू साधारण ०.२९ नॅनोमीटरचा. हे पण "लय छोटं" खात्यात जाणार म्हणून केसाचं माप घेऊ, केसाच्या जाडीत असे अडीच लाख अणू एका रांगेत बसतात. आणि केसापेक्षा बारीक सोनं तर आपण खातो की, मिठाईवरचा सोन्याचा वर्ख, साधारण एक दशांश मायक्रॉन जाड. म्हणजे अणूंचे चारेकशे थर. मला हे वाचून झोप लागेना. लाख नाही, कोटी नाही, चारशे, हा तर माणसाने मोजता येण्यासारखा आकडा झाला. एका तोळ्याचा असा वर्ख ठोकला तर सहा चौरस मीटर होतो, आमच्या स्वयंपाकघराची फरशी मढून निघेल (रंगाच्या खर्चानंतर हा विषय घरात काढू नये).

बारीक ठोकता येणारं सोनं म्हणूनच ते रुदरफोर्डच्या उपयोगी पडलं. १९०९ मध्ये मँचेस्टरला गायगर आणि मार्सडेन या दोघांनी पातळ सोन्याच्या पत्र्यावर अल्फा कण (किरणोत्सर्गी पदार्थातून सुटणारे वेगवान कण) मारले. बहुतेक सगळे आरपार गेले, पण हजारोंमधला एखादा उलटा परत आला. आता वर्खावर काहीतरी मारलं आणि ते उसळून माघारी आलं, याचा अर्थ त्या वर्खात कुठेतरी काहीतरी प्रचंड घट्ट आणि फारच छोटं बसलेलं असणार. १९११ मध्ये रुदरफोर्डने सांगितलं, ते अणूचं केंद्रक.

सोन्याच्या अणूचं केंद्रक अणूच्या जवळपास वीस हजाराव्या भागाएवढं. क्रिकेटच्या ग्राउंडवर पिचच्या मधोमध एक गुंज ठेवा, अणूची हद्द बाउंड्रीवर. मधे काय, तर ७९ इलेक्ट्रॉन ढगासारखे पसरलेले, आणि वजन म्हणाल तर ९९.९ टक्क्यांहून जास्त त्या एका गुंजेत. आप्पांनी आयुष्यभर जे काट्यावर ठेवलं ते सगळं त्या गुंजांचंच वजन, बाकी ग्राउंड मोकळं. तशा केंद्रकाच्या मालाने खरी गुंज भरली, ठासून, तर तिचं वजन साधारण दोन कोटी टन होईल. जगात आजवर खाणीतून काढलेलं सगळं सोनं दोन लाख टनांच्या आसपास आहे, त्याच्या शंभरपट, एका गुंजेत. असा माल खरोखर असतो, पुढे येईल.

केंद्रकाच्या आत प्रोटॉन-न्यूट्रॉन, त्यांच्या आत क्वार्क, आणि क्वार्कला जाडी आहे की नाही हेच कुणाला अजून मोजता आलेलं नाही. आणि सगळ्यात तळाला प्लँकची लांबी, दशांश चिन्हानंतर ३४ शून्यं आणि मग १६, एवढे मीटर. ती कुणी मोजलेली नाही, त्याच्या खाली आत्ताचे नियमच लागू पडत नाहीत एवढाच तिचा अर्थ. पण हिशोब करून बघितला तर गंमत अशी की जळगाव ते नंदुरबारच्या रस्त्यापुढे प्रोटॉन जितका छोटा, साधारण तितकीच छोटी प्रोटॉनपुढे ती प्लँकची लांबी. म्हणजे प्रोटॉनपर्यंत पोचलो तरी खाली जायचा रस्ता आणखी तेवढाच उरतो. आणि या उरलेल्या रस्त्यावर, निदान आपल्याला माहीत असलेलं, काहीच नाही. ना गाव ना स्टॉप. मला ते मोठमोठ्या तारकापुंजांपेक्षा जास्त भीतीदायक वाटतं, पण ते जाऊ दे.

खाली जाणं झालं, आता वर.

मे मध्ये दोन-चार दिवस गावाला गेलो, अमळनेर तालुक्यात, बोरीकाठी. भाच्याला शाळेत सूर्यमालेचा प्रोजेक्ट होता आणि त्याने थर्मोकोलचे गोळे आणायचं ठरवलेलं. मी म्हटलं थांब. मी पण सहावीत थर्मोकोलची सूर्यमाला केली होती, तारेवर ओवलेले नऊ गोळे (तेव्हा प्लुटो होता) एकमेकांना चिकटून, सूर्य गुरूपेक्षा जरासाच मोठा, आणि त्याला प्रदर्शनात दुसरा नंबर मिळाला. परीक्षकांना त्यात काही चुकलंय असं वाटलं नाही, मलाही नाही, पुस्तकातलं चित्रच तसं होतं. ते चित्र डोक्यातून निघायला मला वीस वर्षं लागली, या पोराला तरी ती लागू नयेत.

कोठीतून मूठभर दादर घेतली. बाहेरच्या वाचकांसाठी, दादर म्हणजे आमच्याकडची रब्बीची ज्वारी, भाकरी अशी की नुसती खावी. ज्वारीचा दाणा साधारण चार मिलिमीटर, ती आपली पृथ्वी. मग सूर्य १०९ पट, म्हणजे जवळपास ४४ सेंटीमीटर, आईची पीठ मळायची मोठी परात बरोबर त्या मापाची निघाली. परात ओट्यावर भिंतीला टेकवून ठेवली, आईला सांगितलं तासाभरात आणून देतो, आणि सकाळी सहाला, ऊन चढायच्या आत, मामा-भाचे टेप घेऊन निघालो.

पृथ्वी परातीपासून ४७ मीटरवर. आमच्या गल्लीत हे मारुतीच्या पारापाशी येतं. पारावर दाणा ठेवला, त्याच्यापासून अर्ध्या वितीवर राजगिऱ्याचा दाणा, तो चंद्र. पोराला म्हटलं बघ, माणूस स्वतःच्या पायाने आजवर जिथपर्यंत गेलाय तो हा अर्ध्या वितीचा प्रवास. आणि आपलं आदित्य-एल१ पृथ्वीपासून पंधरा लाख किलोमीटरवर आहे, ते या मापात ४७ सेंटीमीटर, म्हणजे भास्कराचार्यांचा एक हात. सूर्याचा अभ्यास करायला गेलेलं यान आणि ४७ मीटरातलं अर्धा मीटर पण नाही सरकलं! पोरगं हे ऐकून जरा नाराज झालं.

तेवढ्यात पारावर बसलेले शेजारचे आबा म्हणाले, "काय रे भो, काय मोजी राहिनात? रस्ता व्हई राहिना का?"

मी सगळं समजावलं, ती परात म्हणजे सूर्य, हा दाणा म्हणजे पृथ्वी. आबांनी लांबून परातीकडे बघितलं, मग दाणा उचलून तळहातावर घेतला. "मंग मन्हं वावर कथा शे?" (मग माझं शेत कुठे आहे?)

"तेबी या दानामाच शे, आबा."

आबांनी दाण्याकडे नीट बघितलं, तोंडात टाकला, चावला आणि म्हणाले, "दादर शे. जुनी शे."

पृथ्वी खाल्ली. भाचा अर्धा तास हसत होता. खिशातून दुसरी काढून ठेवली आणि पुढे निघालो.

गुरू लिंबाएवढा, २४४ मीटरवर, मराठी शाळेच्या गेटला. शनी लहान कांद्याएवढा, ४४८ मीटर, पाण्याच्या टाकीजवळ. युरेनस आणि नेपच्यून दोघं काचेच्या गोटीएवढे, पहिली गोटी ९०० मीटरवर आणि दुसरी १४०० वर, तिथे गाव संपून कपाशीची मोकळी रानं लागलेली. तिथून मागे बघितलं तर परात दिसायचा प्रश्नच नाही, घर सुद्धा दिसत नाही. एवढ्या मोकळ्या जागेत दोन गोट्या, एक लिंबू, एक कांदा आणि थोडे दाणे. १९७७ मध्ये सोडलेलं व्हॉयेजर-१, माणसाने केलेली सगळ्यात लांब गेलेली वस्तू, ते या मापात गावापासून आठेक किलोमीटरवर, अमळनेरच्या रस्त्याला लागलंय म्हणू.

परतताना एक गोष्ट सुचली आणि माझ्या मते या सगळ्या खटाटोपात तीच कामाची निघाली. प्रकाशाला सूर्यापासून पृथ्वीपर्यंत यायला ८ मिनिटं २० सेकंद लागतात. आमच्या मापात हे अंतर ४७ मीटर. म्हणजे प्रकाश सेकंदाला साडेनऊ सेंटीमीटर चालतो. ही काही विजेची चाल नाही, ही मुंगळ्याची चाल झाली! भिंतीवर मुंगळे होतेच, टेप लावून बघितलं, घाईत असलेला मुंगळा साधारण त्याच वेगाने जातो. झालं, प्रकाश म्हणजे मुंगळा. परातीवरून निघालेला मुंगळा आठ मिनिटांत पारावर, सव्वाचार तासांत नेपच्यूनला. विश्वात याच्यापेक्षा जोरात काहीही जात नाही.

मग भाच्याने विचारलं, पुढची परात कुठे?

सूर्यानंतरचा सगळ्यात जवळचा तारा प्रॉक्झिमा सेंटॉरी, ४.२४ प्रकाशवर्षं. बारका तारा आहे, परात नाही, मोसंबीएवढा. आमच्या मापात तो किती लांब, तर १२,६०० किलोमीटर. मुंबईहून न्यूयॉर्क साडेबारा हजार आहे. अजून गंमत म्हणजे खऱ्या पृथ्वीचा व्यास १२,७४२ किलोमीटर. म्हणजे पृथ्वीला ज्वारीचा दाणा केलं तर शेजारचा तारा खऱ्या पृथ्वीएवढ्या अंतरावर जातो. ओट्यावर परात, जगाच्या दुसऱ्या टोकाला मोसंबी, आणि मुंगळा न थांबता, रात्रंदिवस, सव्वाचार वर्षं चालतोय.

इथे ज्वारीचं माप संपलं. पुढच्या ताऱ्यांना पृथ्वीवर जागाच उरत नाही. आप्पांच्या पद्धतीने माप बदलायची वेळ.

मी परार्ध मीटर घेतला. एक परार्ध मीटर म्हणजे साडेदहा प्रकाशवर्षं, फार सोयीचं माप निघालं. व्याधाचा तारा ८.६ प्रकाशवर्षांवर, म्हणजे थंडीत गच्चीवरून जो सगळ्यात ठळक तारा दिसतो तो एक परार्धाच्या आतच आहे. भास्कराचार्यांनी जिथे नावं देणं थांबवलं तिथपर्यंत मीटर मोजत गेलं की व्याध ओलांडून जरासं पुढे जाऊन थांबतो. त्यांच्या काळी मीटर नव्हता आणि त्यांना हे काही सांगायचंही नव्हतं, हा माझा खेळ. (व्हॉट्सॲपवर "भास्कराचार्यांना प्रकाशवर्ष माहीत होतं" असा फॉरवर्ड करू नका, मी हात जोडतो.)

आकाशगंगेची रुंदी एक लाख प्रकाशवर्षं, म्हणजे साधारण ९५०० परार्ध मीटर. आणि एका गुंजेत ३७०० परार्ध अणू होते ना? भागा. अडीच. आकाशगंगा जितके मीटर रुंद आहे तितके अणू अडीच गुंजा सोन्यात आहेत. नाकातल्या मुरणीत! हे मला रात्री दीड वाजता कळलं आणि कुणाला उठवून सांगावं तर सगळे झोपलेले.

मधलं भराभर सांगतो. आपल्या शेजारची मोठी दीर्घिका (आकाशगंगेसारखाच ताऱ्यांचा मोठा पसारा) म्हणजे देवयानी, २५ लाख प्रकाशवर्षं. ती नुसत्या डोळ्यांनी दिसते. कॉलेजात असताना डिसेंबरात तोरणमाळला गेलो होतो, सातपुड्यात वरती, तेव्हा एकाने बोट करून दाखवली, फुंकर मारलेल्या राखेसारखा पुसट डाग. मी म्हटलं ढग असेल. तो प्रकाश निघाला तेव्हा आपल्या जातीचा माणूस पृथ्वीवर नव्हता आणि मी थंडीने कुडकुडत त्याला ढग म्हणून खाली शेकोटीला गेलो, याची मला आता लाज वाटते. दीर्घिकांचे समूह होतात, समूहांचे महासमूह. आपण ज्याच्यात आहोत त्याला लानियाकेया म्हणतात, पन्नासेक कोटी प्रकाशवर्षं पसरलेला. आणि एक महासमूह आपल्या पुण्याच्या लोकांनी शोधलाय, आयुका आणि आयसर या तिथल्या संशोधन संस्थांमधल्या, २०१७ मध्ये जाहीर केला, नाव सरस्वती. मीन राशीच्या दिशेला, चार अब्ज प्रकाशवर्षं लांब, साठ कोटी प्रकाशवर्षांहून जास्त पसरलेला. सरस्वती नाव ठेवलं हे मला बरं वाटलं, नाहीतर नुसते इंग्रजी अक्षरं आणि आकडे असतात, गाडीच्या नंबरासारखे.

आणि मग जे काही बघता येण्यासारखं आहे ते सगळं मिळून, व्यास ९३ अब्ज प्रकाशवर्षं. विश्वाचं वय १३.८ अब्ज मग एवढं अंतर कसं, हे प्रत्येक जण विचारतो, भाच्याने पण विचारलं. मुंगळा चालत असताना खालची जमीनच रबरासारखी ताणत राहिली असं समजा. त्याने स्वतः चाललेलं अंतर वेगळं आणि तो पोचेस्तोवर मागे राहिलेलं गाव किती लांब गेलं ते वेगळं. त्याच्याही पलीकडे विश्व आहेच, तिथला प्रकाश अजून आपल्यापर्यंत आलेला नाही.

मीटरमध्ये हा व्यास ८८० कोटी परार्ध. परत तोच भागाकार, इतके अणू किती सोन्यात? २८८ किलो. सोनं जड असतं म्हणून जागा फार लागत नाही, पंधरा लिटर. पंधरा लिटरचा तेलाचा डबा भरून सोनं, त्यात जितके अणू तितके मीटर अख्ख्या दिसणाऱ्या विश्वाची रुंदी. हे मी आप्पांना सकाळी चहाला सांगितलं. ते बराच वेळ गप्प होते, मग म्हणाले, "एवढं सोनं एका जागी मी पण नाही बघितलं."

पण सोनं आलं कुठून हे त्यांनी विचारलं, आणि मला वाटतं हे त्यांना जास्त भावलं. ते ठासून भरलेल्या गुंजेचं म्हटलं होतं ना, तशा मालाचे तारे असतात, न्यूट्रॉन तारे. आख्ख्या सूर्याहून जास्त वजन वीसेक किलोमीटरच्या गोळ्यात, म्हणजे जळगाव ते भुसावळच्या मधे मावेल एवढ्यात. असे दोन तारे १३ कोटी प्रकाशवर्षांवर एकमेकांवर आदळले आणि त्याची थरथर १७ ऑगस्ट २०१७ ला इथे पोचली. त्या धडकेच्या उजेडात जड मूलद्रव्यं तयार झाल्याच्या खुणा दिसल्या, सोनं ज्या प्रकाराने बनतं त्याच प्रकाराने. आप्पांच्या काट्यावरून गेलेलं निदान काही सोनं अशाच कुठल्यातरी टकरीतलं, पृथ्वी बनायच्या आधीचं.

ही थरथर पकडणारी यंत्रं, लायगो, यांना चार-चार किलोमीटरचे दोन हात असतात आणि त्या हातांच्या लांबीत प्रोटॉनच्या दहा हजाराव्या भागाएवढा फरक पडला तरी त्यांना कळतो. म्हणजे सगळ्यात मोठ्या भानगडी बघायला सगळ्यात छोटं मोजावं लागतं. असं एक आपल्याकडे हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ होतंय, २०२३ ला केंद्राची मंजुरी मिळाली. पूर्ण झालं की आप्पांना घेऊन जायचं आहे. पाव गुंजेखालचं विचारणारं गिऱ्हाईक शेवटी मिळालं म्हणून.

एक हिशोब राहिला होता. भाच्याचाच प्रश्न, परत जायच्या आदल्या रात्री गच्चीवर, "मामा, सगळ्यात छोटं आणि सगळ्यात मोठं यांच्या बरोब्बर मधे काय आहे?" मध्य बेरजेचा काढून उपयोग नाही, तो गुणाकाराचा काढायचा, म्हणजे छोट्याला ज्या आकड्याने गुणून मधे पोचतो त्याच आकड्याने मधल्याला गुणलं की मोठं यावं. प्लँकची लांबी एका टोकाला, ९३ अब्ज प्रकाशवर्षं दुसऱ्या टोकाला. दहापटीची एक पायरी धरली तर ३१ पायऱ्या खाली, ३१ वर. मला वाटलं होतं मधे माणूस येईल, किंवा निदान ज्वारीचा दाणा. मधे आलं ०.१२ मिलिमीटर.

आप्पा पलीकडच्या खाटेवर जागेच होते. म्हणाले, "म्हणजे कानशीचा चुरा."

कानस घासताना सोन्याचा जो चुरा पडतो, त्यातला बारीक कण साधारण तेवढा. वजन गुंजेच्या सात हजाराव्या भागाएवढं, कुठल्याच काट्याला न लागणारं. तो दुकानभर उडतो, फरशीच्या फटीत जातो, झाडूबरोबर गटारीत जातो. सराफ बाजारात पहाटे झारेकरी यायचे, दुकानांसमोरची माती, गटारीतला गाळ गोळा करून न्यायचे आणि धुऊन धुऊन त्यातून हे कण काढायचे. आमच्या दुकानाचा वर्षाचा केर आप्पा दिवाळीच्या आधी त्यांना विकायचे, पोतं भरून.

"कितीला जायचं पोतं?" भाच्याने विचारलं.

आप्पांनी आकडा सांगितला आणि मग स्वतःशीच म्हणाले, "स्वस्तात दिलं मी."